तळाशी राहिलेलं आरमार

नागपूरकर भोसल्यांच्या राज्याला बावन्न वर्षं समुद्र होता, हे नागपुरातही फार जणांना ठाऊक नसतं. १७५१ मध्ये बंगालचा नवाब अलीवर्दीखान याच्याशी झालेल्या तहाने ओडिशाचा मुलूख पहिल्या रघूजींकडे आला आणि सुवर्णरेखा नदीपासून खाली चिलिका सरोवराच्या बाजूपर्यंतचा किनारा नागपूरच्या अमलाखाली गेला. बालासोर हे त्यातलं नाणावलेलं बंदर. इंग्रज, डच, डेन, फ्रेंच अशा सगळ्यांच्या वखारी तिथे होऊन गेलेल्या. मिठाचं उत्पन्न, बंदरातली जकात, जगन्नाथपुरीच्या वाटेवरचा यात्रेकरूंचा कर हे सारं भोसल्यांच्या कारभारात मोडत होतं. हा किनारा गेला त्यावर शिक्कामोर्तब मात्र सातपुड्याच्या डोंगरात झालं. १५ डिसेंबर १८०३ ला गाविलगड पडला आणि दोनच दिवसांनी, देवगावच्या तहात, दुसऱ्या रघूजींनी बालासोरसह कटक प्रांत इंग्रजांना लिहून दिला.

या बावन्न वर्षांतला महसूल, चौथाई, सुभेदारांच्या नेमणुका आणि बडतर्फ्या यांचे कागद आहेत. पण त्या किनाऱ्यावर कोणत्या बांधणीची जहाजं येत, त्यांच्या पोटात काय माल असे, त्यांवर काम करणारी माणसं काय खात, कोणती भांडी वापरत, यातलं जवळजवळ काहीच कागदांत सापडत नाही. नागपूरच्या समुद्राबद्दल पडणारे हे प्रश्न कोकणच्या समुद्रालाही तसेच लागू आहेत, आणि तिथे ते जास्त बोचतात. कारण कोकणात नुसता व्यापार नव्हता. तिथे आपलं आरमार होतं.

मराठ्यांच्या आरमाराचा इतिहास आपण अभिमानाने सांगतो. तो लिहिला गेला आहे मुख्यतः शत्रूंच्या कागदांवरून. शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडीकडे जहाजबांधणीला हात घातला ही बातमी आपल्याला तपशिलाने मिळते ती पोर्तुगीज दप्तरातून, कारण त्या कामावरचा रुई लैतांव व्हिएगस आणि त्याचे लोक पोर्तुगीजांच्या सांगण्यावरून काम सोडून निघून गेले. १६७९ ची खांदेरीची लढाई आपण तारीखवार सांगू शकतो, कारण मुंबईच्या इंग्रजांनी सुरतेला पत्रं लिहिली. त्या लढाईतले आपले आरमारी सरदार मायनाक भंडारी आणि दौलतखान यांनी स्वतः काही लिहून ठेवलं असतं तर! सुरेंद्रनाथ सेन यांनी १९२८ मध्ये मराठ्यांच्या लष्करी व्यवस्थेवर लिहिलं, भा. कृ. आपटे यांचा मराठा आरमारावरचा ग्रंथ १९७३ मध्ये आला. दोघांनीही उपलब्ध कागद पिळून घेतले. त्यांच्या पुढे जायचं तर नुसत्या नव्या कागदांची वाट पाहून भागणार नाही. गुराब या लढाऊ जहाजाची नाळ किती पुढे आलेली होती, गलबताला किती फासळ्या होत्या, फळ्या खिळ्यांनी ठोकलेल्या होत्या की काथ्याने शिवलेल्या, डेकवरच्या तोफेचा धक्का सोसायला आत कोणते आधार दिले होते, हे इंग्रज कारकुनाने लिहिलेलं नाही, कारण त्याला त्याची गरज नव्हती. ते प्रत्यक्ष जहाजाच्या सांगाड्यावरच वाचता येतं. आणि मराठा आरमारातल्या एकाही लढाऊ जहाजाचा सांगाडा आजवर शास्त्रीय उत्खननातून अभ्यासला गेलेला नाही.

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. त्यांत खांदेरी, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग आणि सिंधुदुर्ग हे चार सागरी किल्ले आहेत. तटबंदीचा वारसा झाला, हे उत्तमच झालं. पण हे किल्ले ज्यांच्यासाठी बांधले ती जहाजं त्या तटाखालच्या पाण्यात आहेत. जलदुर्ग आणि आरमार ही एकच व्यवस्था होती. तिचा निम्मा भाग आपण जपायला घेतला आणि निम्मा अजून पाहिलेलाही नाही.

सुरुवात कुठून करावी याबद्दल माझ्या मनात शंका नाही. विजयदुर्ग.

वाघोटन खाडीच्या मुखावरचा हा किल्ला, इंग्रजांच्या लेखी घेरिया. कान्होजी आंग्र्यांच्या मागे मुलांत फाटाफूट झाली आणि दक्षिणेचं हे ठाणं पुढे तुळाजीकडे आलं. तुळाजी कर्तबगार होता आणि कुणाचंच ऐकणारा नव्हता. १७४९ मध्ये त्याने इंग्रजांच्या मुंबईतल्या आरमाराचं ‘रेस्टोरेशन’ हे जहाज पकडलं. १७५४ च्या जानेवारीत डच कंपनीच्या तीन जहाजांवर तो तुटून पडला. दोन पेटून गेली, एक त्याच्या हाती लागलं. पेशव्यांशी त्याचं बिनसलं होतं. नानासाहेब पेशव्यांनी इंग्रजांशी हातमिळवणी केली आणि फेब्रुवारी १७५६ मध्ये समुद्राकडून अ‍ॅडमिरल वॉटसन, त्याच्याबरोबर रॉबर्ट क्लाइव्ह, आणि जमिनीकडून पेशव्यांची फौज असा विजयदुर्गाला वेढा पडला.

तुळाजीचं आरमार त्या वेळी उघड्या समुद्रावर नव्हतं. ते किल्ल्याच्या आडोशाला, खाडीत, एकमेकांना खेटून बांधून ठेवलेलं होतं. १२ फेब्रुवारीच्या दुपारी इंग्रजी जहाजांतून सुटलेला एक पेटता गोळा पकडून आणलेल्या त्याच ‘रेस्टोरेशन’वर पडला. ते पेटलं, त्यावरून शेजारचं पेटलं, आणि बघता बघता सगळं आरमार आगीच्या तोंडी गेलं: तीन डोलकाठ्यांची मोठी जहाजं, गुराबा, डझनावारी गलबतं. बांधून होत आलेली नवी जहाजंही जळाली. दुसऱ्या दिवशी किल्ला इंग्रजांच्या हाती गेला. आपल्याच छत्रपतींनी उभारलेल्या आरमाराचा सर्वांत ताकदवान हिस्सा आपल्याच पेशव्यांच्या संमतीने जळाला. अडीचशे वर्षांनंतरही हे वाचताना घशाशी आवंढा येतो. पश्चिम किनाऱ्यावर इंग्रजांना पाण्यात अडवू शकेल अशी ताकद त्यानंतर उरली नाही.

आता पुरातत्त्वाच्या नजरेने त्या संध्याकाळकडे पाहा. लाकडी जहाज पेटतं तेव्हा ते संपूर्ण जळत नाही. आग डेक खाते, डोलकाठ्या खाते, पाण्याच्या रेषेपर्यंत कुशी खाते. मग पाणी आत शिरतं आणि उरलेला तळ विझून खाली बसतो. म्हणजे जहाजाचा कणा, तळाच्या फासळ्या, तळाच्या फळ्या आणि जहाज तोलून धरायला त्यावर ठेवलेलं निरमाचं दगडी वजन हे सगळं खाली जातं. वरून पडलेल्या तोफा, गोळे, नांगर, साखळ्या, तांब्या-पितळेची भांडी त्यावर कोसळतात. खाडीचा गाळ दरवर्षी थोडा थोडा त्यावर चढतो. उथळ, बंदिस्त खाडीत एका दिवशी, एका जागी बुडालेलं अख्खं आरमार, आणि तारीख पक्की ठाऊक! भारताच्या किनाऱ्यावर पुरातत्त्वाला याहून सोयीची दुसरी जागा मला माहीत नाही. इंग्रजांनी नंतर काही तोफा आणि सामान काढून नेलं असेल, खाडीचे प्रवाह बदलले असतील, गाळात बरंच विस्कटलं असेल. तरीही तळ तपासून पाहण्यासारखा आहे.

तिथे काम झालेलंच नाही असं नाही. गोव्यातल्या दोना पावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या पथकाने १९९० च्या दशकात सिंधुदुर्ग आणि विजयदुर्ग या दोन्ही ठिकाणी पाहणी केली. किल्ल्यापासून सुमारे तीन किलोमीटर आत, वाघोटन खाडीच्या काठी खडक कोरून काढलेली आंग्रेकालीन गोदी आहे: १०९ मीटर लांब, ७० मीटर रुंद, उत्तरेकडे तोंड. भरतीला जहाज आत घ्यायचं, ओहोटीला पाणी उतरलं की तळाची डागडुजी करायची, अशी तिची रचना. आज ती बहुतांशी गाळाने भरलेली आहे. त्या गाळाखाली सुतारांची हत्यारं, छिलके, टाकून दिलेल्या फळ्या, खिळे, काथ्या असायची दाट शक्यता आहे. जहाजबांधणीचं तंत्र समजून घ्यायला बुडालेल्या जहाजाइतकीच गोदीही मोलाची असते, आणि इथे तर पाणबुड्याचीही फारशी गरज नाही.

विजयदुर्गाच्या समुद्रात बुडालेल्या दगडी भिंतीचीही गोष्ट पुष्कळांनी ऐकलेली असते. सुमारे १२२ मीटर लांब, ७ मीटर रुंद, ३ मीटर उंच अशी तिची मापं सांगितली जातात, आणि त्यापुढे ही कथा येते की शत्रूची जहाजं या भिंतीवर आपटून फुटत. खोल तळाच्या जहाजांना खोल पाणी लागतं आणि आपल्या गुराबा-गलबतं उथळ तळाची, तेव्हा कल्पना म्हणून ही युक्ती पटण्यासारखी आहे. पण भिंतीपाशी फुटलेल्या जहाजाचं सामान मिळाल्याखेरीज आणि भिंतीच्या बांधणीचा काळ ठरल्याखेरीज ही कथा इतिहास म्हणून सांगू नये. पर्यटकांना ती सांगणं सुरू झालंय. तिचा छडा लावणं त्याआधी व्हायला हवं होतं.

भारतातल्या सागरी पुरातत्त्वाची एकूण कहाणी काहीशी अशीच आहे. सुरुवात दमदार, पाया मजबूत आणि मग मनुष्यबळाची चणचण. लोथलचं उत्खनन करणारे एस. आर. राव १९८१ मध्ये समुद्रविज्ञान संस्थेत आले आणि तिथे सागरी पुरातत्त्वाचं केंद्र उभं राहिलं. १९८३ पासून द्वारकेच्या समुद्रात काम झालं आणि ते देशभर गाजलं. द्वारकेच्या गाजावाजात दुसऱ्या कामाकडे लोकांचं दुर्लक्ष झालं, याची मला चुटपुट वाटते. सिला त्रिपाठी, ए. एस. गौर, सुंदरेश ही मंडळी गोव्यापासून तामिळनाडूपर्यंत वर्षानुवर्षं पाण्यात उतरत राहिली. त्यांच्या नोंदींत पश्चिम किनाऱ्यावरचे दगडी नांगर पुन्हा पुन्हा येतात. माणसाच्या उंचीचा किंवा त्याहून मोठा घडीव खांब, वरच्या टोकाला दोर ओवायचं गोल भोक, खालच्या बाजूला लाकडी दांडे बसवायची दोन चौकोनी भोकं एकमेकांना काटकोनात. अरबी समुद्रावरच्या व्यापाराची ही खूण. लोखंडी नांगर आल्यावर यांतले कित्येक नांगर किनाऱ्यावर बांधकामाला वापरले गेले, त्यामुळे कोकणातल्या किल्ल्यात, विहिरीपाशी, देवळाच्या पायरीला असा एखादा खांब दिसला तर तो नीट पाहावा.

गोव्याच्या समुद्रातलं सुंची खडकाजवळचं जहाज हे याच संस्थेचं मला सर्वांत आवडणारं काम. मुरगाव बंदराच्या परिसरात, तीन ते सहा मीटर एवढ्याच खोलीवर, सतराव्या शतकाच्या सुरुवातीचं एक पोर्तुगीज जहाज फुटलेलं आहे. जहाजाचं लाकूड जवळपास गेलं. पण खडकांच्या फटींत लोखंडी तोफा होत्या, शिशाच्या वस्तू होत्या, घडीव ग्रॅनाइटचे चिरे होते, चिनी मातीच्या भांड्यांचे तुकडे आणि मर्तबानच्या मोठ्या रांजणांची खापरं होती. आणि होते हस्तिदंत व पाणघोड्याचे दात. पाणघोडा भारतात नाही. तो माल आफ्रिकेचा. एका फुटक्या जहाजाच्या तळाशी आफ्रिका, चीन, ब्रह्मदेश आणि पोर्तुगाल एकत्र आले. बातमीत येण्यासारखं सोनंनाणं त्यात नाही. तरी त्या काळचा गोव्याचा व्यापार कसा चालत होता, ते या ढिगाऱ्यातून जितकं स्पष्ट दिसतं तितकं कोणत्याही फर्मानातून दिसत नाही. त्याच किनाऱ्यावर सेंट जॉर्ज खडकापाशी बुडालेल्या जहाजात मंगळूरच्या बासेल मिशनची कौलं आणि खांबांचे भाग मिळाले. हा कारखाना १८६५ चा, म्हणून जहाज त्यानंतरचं. एका कौलावरच्या छापाने काळ ठरतो तो असा. अमी शोल्स इथे वाफेच्या जहाजाचे बॉयलर आणि भट्टीच्या विटा आहेत. शिडाच्या जहाजांकडून वाफेकडे झालेला बदल गोव्याच्या पाण्यात पायरीपायरीने पाहता येतो.

भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने २००१ मध्ये स्वतंत्र जलांतर्गत पुरातत्त्व शाखा काढली. आलोक त्रिपाठी यांच्या नेतृत्वाखाली लक्षद्वीपच्या बंगारम बेटाजवळ ‘प्रिन्सेस रॉयल’ या बुडालेल्या इंग्रजी जहाजावर काम झालं, महाबलीपुरमला झालं, द्वारकेला झालं. नंतर बराच काळ शाखा थंड पडली आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये पाच जणांचं पथक पुन्हा द्वारकेच्या पाण्यात उतरलं. अकरा हजार किलोमीटर किनाऱ्याच्या देशाला पाच जण! त्यांच्या जिद्दीला सलाम करावा आणि सरकारला संख्या वाढवायला सांगावं.

या कामात अडचण पैशांची आहे तशी पाण्याचीही आहे. स्वीडनचं ‘वासा’ १६२८ मध्ये पहिल्याच फेरीत बुडालं आणि १९६१ मध्ये जवळपास अखंड वर आलं, कारण बाल्टिक समुद्राचं पाणी कमी खारट आहे. लाकूड पोखरणारा जहाजकिडा तिथे जगत नाही. आपल्या उबदार, खाऱ्या अरबी समुद्रात तो मजेत जगतो. उघड्या वाळूवर पडलेलं लाकूड काही वर्षांत चाळणीसारखं होऊन नाहीसं होतं. म्हणून आपल्याकडे उघड्या समुद्रात तोफा, नांगर, खापरं मिळतात आणि जहाज मिळत नाही. लाकूड टिकायचं तर ते घट्ट गाळाखाली, प्राणवायू पोचणार नाही अशा जागी गाडलेलं हवं. इंग्लंडचं १५४५ मध्ये बुडालेलं ‘मेरी रोझ’ १९८२ मध्ये वर काढलं तेव्हा त्याची गाळात रुतलेली एकच बाजू शिल्लक होती, पण त्या बाजूबरोबर १९ हजार वस्तू आल्या. केरळात आलप्पुळा जिल्ह्यात तैक्कल इथे २००२ मध्ये जमिनीखालून निघालेली जुनी मोठी नौकाही चिखलानेच राखली होती. कोकणातल्या खाड्यांना चिखलाची वाण नाही, आणि विजयदुर्गावर माझी भिस्त आहे ती त्यामुळेच.

शोध घेण्याची रीत आता बरीच पुढे गेली आहे. ध्वनिलहरी तळावर सोडून उठून दिसणाऱ्या वस्तूंचा नकाशा काढता येतो. दुसऱ्या प्रकारच्या लहरी गाळाच्या आत शिरून पुरलेलं काय आहे ते दाखवतात. चुंबकीय मापकाला लोखंडी तोफ गाळाखालूनही कळते. हे सगळं होडीवरून, एकाही वस्तूला हात न लावता होतं. खरा खर्च आणि खरी जबाबदारी वस्तू वर काढल्यावर सुरू होते. तीनशे वर्षं समुद्रात पडलेली लोखंडी तोफ वर काढून नुसती उन्हात ठेवली तर तिच्यात मुरलेलं मीठ तिला आतून फोडतं आणि काही वर्षांत पापुद्रे सुटून तिची माती होते. तिला अल्कली द्रावणात महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षं बुडवून मीठ काढावं लागतं. ‘वासा’वर लाकूड टिकवणाऱ्या रसायनाचा फवारा सतरा वर्षं चालू होता. म्हणून जतनाची सोय नसेल तर वस्तू पाण्यातच राहू द्यावी, हा या शास्त्रातला पहिला धडा आहे. उत्साहात तोफा वर काढून किल्ल्याच्या दारात मांडणाऱ्यांना तो कुणीतरी सांगायला हवा.

आपल्या इतिहासाशी बांधलेली जहाजं परक्या पाण्यातही आहेत. वास्को द गामाच्या दुसऱ्या भारत-सफरीतलं, विसेंते सोद्रे याच्या हाताखालचं ‘एस्मेराल्दा’ १५०३ मध्ये ओमानच्या अल हल्लानिया बेटाशी वादळात फुटलं. सोद्रे आणि त्याच्या भावाला मलबारच्या किनाऱ्याची राखण करायला ठेवलं होतं; ते सोडून ते लुटीला गेले आणि तिथे त्यांची जहाजं फुटली. १९९८ मध्ये जागा सापडली, २०१३ पासून ओमान सरकारबरोबर उत्खनन झालं, आणि जहाजाची घंटा, दगडी गोळे, नौकानयनाच्या यंत्राची तबकडी, भारतातल्या व्यापारासाठीच पाडलेलं अतिदुर्मिळ ‘इंदिओ’ नाणं हाती आलं. याउलट इंडोनेशियातल्या बेलितुंगजवळ १९९८ मध्ये सापडलेल्या नवव्या शतकातल्या अरबी धाटणीच्या जहाजातली सुमारे ६० हजार चिनी भांडी खासगी कंपनीने काढून विकली. भांडी वाचली, पण काय कुठे होतं याच्या नोंदी पुरातत्त्वाच्या शिस्तीने झाल्या नाहीत, म्हणून २०११ मध्ये स्मिथसोनियनने त्यांचं ठरलेलं प्रदर्शन स्थगित केलं. मला तो निर्णय योग्य वाटतो. जागेवरून उपटलेली वस्तू सुंदर असते, पण तिची साक्ष निम्मी होते.

चांदी-सोन्याच्या मोहातून मुंबईहून निघालेलं एक जहाजही सुटलं नाही. २० नोव्हेंबर १९४२ ला मुंबईहून आफ्रिकेला निघालेलं ‘तिलावा’ तिसऱ्या दिवशी जपानी पाणबुडीने बुडवलं. २८० माणसं गेली. त्यांत बहुतेक आफ्रिकेत पोटापाण्याला निघालेले भारतीय. २०१७ मध्ये एका ब्रिटिश कंपनीने अडीच किलोमीटर खोलीवरून त्यातल्या चांदीच्या २,३६४ लगडी वर काढल्या आणि त्या चांदीवरून दक्षिण आफ्रिकेच्या सरकारशी वाद लढवला. ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये निकाल दक्षिण आफ्रिकेच्या बाजूने दिला. त्या सगळ्या निकालपत्रांत चर्चा चांदीची आहे. बुडालेल्या माणसांच्या नातवंडांना मात्र आपल्या माणसांची आठवण आपणच ठेवावी लागते.

इथे कायद्याचा प्रश्न येतो. २००१ चा युनेस्कोचा करार शंभर वर्षांहून अधिक काळ पाण्याखाली असलेल्या अवशेषांना संरक्षण देतो, जागेवरच जतन करायला प्राधान्य देतो आणि त्यांच्या खरेदी-विक्रीला मनाई करतो. २००९ मध्ये तो अमलात आला. भारत त्यात अजून सामील नाही. आपले १९५८ आणि १९७२ चे पुरातत्त्वविषयक कायदेही शंभर वर्षांची अट घालतात, आणि जहाजवाहतुकीचा कायदा बुडालेल्या जहाजाकडे पाहतो तो मालकी आणि अडथळा यांच्या नजरेने. म्हणजे १७ जुलै १९४७ ला मुंबईहून रेवसला जाताना काशाच्या खडकाजवळ बुडालेली, सहाशेहून अधिक कोकणी माणसं घेऊन गेलेली ‘रामदास’ बोट पुरातन ठरायला २०४७ साल उजाडावं लागेल. दीवजवळ ९ डिसेंबर १९७१ ला १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिकांसह बुडालेली ‘खुकरी’ ही युद्धनौका नौदलाच्या स्मृतीने राखली आहे. साध्या प्रवासी बोटींच्या मागे तसं कुणी नाही. ज्या अवशेषात माणसं आहेत त्याला वयाची अट नको, असं माझं स्पष्ट मत आहे.

हे सगळं नागपुरात बसून का लिहावं, असं कुणी विचारेल. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात तीन डोलकाठ्यांचं जहाज रंगवलेलं आहे. हे लेणं वाकाटकांच्या काळातलं. वाकाटकांची एक राजधानी रामटेकजवळचं नंदिवर्धन, म्हणजे आजचं नगरधन, दुसरी वत्सगुल्म, म्हणजे वाशीम. समुद्रापासून इतक्या दूरच्या राज्यातल्या चित्रकाराने जहाज काढलं. त्या चित्रावरून नौदलाने काथ्याने फळ्या शिवून ‘कौंडिण्य’ ही नौका गोव्यात बांधून घेतली. केरळचे कारागीर बाबू शंकरन यांच्या पथकाने ती शिवली, मे २०२५ मध्ये ती नौदलात आली आणि पुढे पोरबंदरहून निघून तिने मस्कत गाठलं. मात्र तळाचा आकार ठरवताना रचनाकारांपुढे भिंतीवरचं एक सपाट चित्र होतं. त्या काळातलं एकही भारतीय जहाज तपासायला उपलब्ध नव्हतं. श्रीलंकेतल्या गोडवायाच्या समुद्रात २००३ मध्ये मच्छीमारांना दोन हजार वर्षांपूर्वीचं जहाज मिळालं, त्यात काचेच्या लगडी आणि दगडी पाटे होते. असं एखादं जहाज आपल्याकडे मिळालं तर नागपूरजवळच्या माहुरझरीला घडवलेले अकीक-कार्नेलियनचे मणी कोणत्या वाटेने कुठे गेले, हेही कळू शकेल.

नागपूरपाशी या कामाला लागणारी विद्या आहे. नागपूर विद्यापीठाच्या पुरातत्त्व विभागाने पवनी, माहुरझरी अशी उत्खननं शां. भा. देव यांच्या काळापासून केली आहेत. विश्वेश्वरय्या संस्थेत धातुशास्त्राचा विभाग आहे. समुद्रातल्या लोखंडाचं काय करावं हा मुळात धातुशास्त्राचाच प्रश्न. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचं मध्य विभागाचं कार्यालय इथे आहे. जहाजाच्या तळातला निरमाचा दगड बेसाल्ट की ग्रॅनाइट आणि तो कोणत्या किनाऱ्याचा, हे भूवैज्ञानिकच सांगू शकतात, आणि त्यावरून जहाज कुठून निघालं ते ठरतं. पाण्यात उतरणारे पाचच असतील, पण एका जहाजामागे किनाऱ्यावरच्या प्रयोगशाळेत पन्नास जण लागतात. त्यांतले काही नागपूरचे असायला काहीच हरकत नाही.

सध्या सिंधुदुर्गातल्या निवतीच्या समुद्रात नौदलातून निवृत्त झालेली ‘गुलदार’ युद्धनौका बुडवून पाण्याखालचं संग्रहालय करण्याचा राज्याचा प्रकल्प आहे. माशांना आसरा मिळेल, स्थानिकांना रोजगार मिळेल, तो व्हावा. त्याच जोडीला वाघोटन खाडीच्या तळाची लहरींनी आणि चुंबकीय मापकाने एक संपूर्ण पाहणी व्हावी, आणि ती होईपर्यंत विजयदुर्गाच्या आसपास गाळ उपसायला किंवा नवी जेट्टी बांधायला परवानगी देऊ नये. आंग्र्यांच्या गोदीतला गाळ तर यंत्राने ओरबाडून काढू नयेच. तो पुरातत्त्वाच्या देखरेखीखाली थरांनी काढावा.

वाचकांनाही एक विनंती. विजयदुर्ग, मालवण, मुरूड, अलिबागकडे गेलात आणि ओहोटीला तोफेसारखं काही दिसलं, भोकांचा दगडी खांब दिसला, एखाद्या तांडेलाने जाळं नेहमी अडकतं ती जागा दाखवली, तर वस्तू हलवू नका आणि घरी आणू नका. जागेचा फोटो काढा, खुणा लिहून घ्या आणि राज्य पुरातत्त्व विभागाला किंवा गोव्याच्या समुद्रविज्ञान संस्थेला कळवा. गोडवायाचं जहाज मच्छीमारांमुळेच सापडलं.